न वाचलेली अकरा पाने

बाईंच्या आवाजात गोडवा नावालाही नव्हता, आणि त्यांचे पोट त्याच आवाजावर चालत होते. एका छापखान्यात त्या बावीस वर्षे मूळ प्रत मोठ्याने वाचायच्या. समोर मुद्रितशोधक बसायचा, त्याच्या हातात छापून आलेले प्रूफ. बाई वाचत जायच्या, तो तपासत जायचा. वाचायचे तेही सगळी चिन्हे उच्चारून. "तो म्हणाला, स्वल्पविराम, अवतरण सुरू, मी येणार नाही, पूर्णविराम, अवतरण बंद." प्रेमकथा असो, खताची जाहिरात असो की कुणाची श्रद्धांजली, बाईंचा सूर तोच. छापखान्यातली मंडळी त्यांना 'रेडिओ' म्हणत. तोंडावर म्हणत, आणि बाईही हाकेला ओ देत.

त्या कामात एक खोड असते. दोन ओळी एकाच शब्दाने सुरू होत असल्या की वाचणाऱ्याची नजर पहिलीवरून थेट दुसरीवर घसरते आणि मधला मजकूर सुटतो. सगळ्यांचा सुटतो. बाईंचा बावीस वर्षांत एकदाही सुटला नाही. त्यांची नजर मुंगीसारखी ओळ धरून चालायची. नवरा लग्नानंतर चौथ्या वर्षी गेला, मूलबाळ नाही, शिक्षण जेमतेम अकरावी. ज्यावर माणसाने मान ताठ ठेवावी असे बाईंकडे एवढेच होते, की हिच्या वाचनात एक शब्द गळत नाही. जो तो हे म्हणायचा आणि ते खरे होते.

पुढे छापखान्यात संगणक आले, प्रूफे पडद्यावर दिसू लागली, आणि वाचणाऱ्या बाईंना घरी बसवले गेले. त्या थोरल्या बहिणीकडे राहू लागल्या. ताई शाळांचे गणवेश शिवायची. बाई काजे करून द्यायच्या, बटणे लावायच्या आणि दुपारी उगाच वर्तमानपत्र मोठ्याने वाचायच्या, चिन्हांसकट. ताई म्हणायची, "अगं, मशीन तरी बरं. पाय काढला की थांबतं."

आठ महिन्यांनी सरांचा निरोप आला.

सर म्हणजे निवृत्त प्राध्यापक. त्यांची तीन पुस्तके बाईंच्या छापखान्यातून निघाली होती. तिन्ही एकाच कादंबरीकारावर. आणखी एक, मोठे, शेवटचे पुस्तक लिहायचे होते, आणि मधल्या काळात काचबिंदूने दोन्ही डोळे नेले होते. "मला अभिनय करून वाचणारी मुलगी नको," ते पहिल्या दिवशी म्हणाले. "तुमचा तो रेडिओच हवा. कादंबरीकार काय म्हणतो ते मला ऐकायचंय. वाचणाऱ्याचं मत नको."

बाईंना हे फार आवडले. त्या रोज सकाळी दहाला जाऊ लागल्या. तळमजल्यावरची खोली, तीन भिंतींना पुस्तके, एक मोठे टेबल, सरांची उंच पाठीची खुर्ची. वर मुलगा आणि सून. मुलगा नोकरीमुळे सतत फिरतीवर. सून दोनदा चहा आणून द्यायची आणि सरांच्या गोळ्या टेबलावर मांडून जायची.

हा कादंबरीकार कधीच गेलेला. त्याच्या पाच कादंबऱ्या छापलेल्या होत्या आणि पाचही कादंबऱ्यांत एकच माणूस वेगवेगळ्या नावांनी वावरत होता. हा माणूस आई, बायको, मित्र, गाव, सगळ्यांना सोडून निघतो आणि मागे वळून बघत नाही. व्यक्ती स्वतःला पुरी असते. जो दुसऱ्यावर टेकतो तो अर्धा होतो आणि ज्याच्यावर टेकतो त्यालाही अर्धा करतो. प्रत्येकाने आपले केलेले आपणच निस्तरायचे, त्यात वाटेकरी नाही. सरांनी तीस वर्षे हे तत्त्वज्ञान शिकवले होते. ते सांगताना त्यांचा चेहरा उजळायचा. सांगून झाले की ते पायाने चपला चाचपडायचे, त्या सापडायच्या नाहीत, आणि बाई उठून त्यांच्या पायांपुढे आणून ठेवायच्या. दोघांनाही त्यात काही विसंगत वाटत नसे.

नव्या पुस्तकाचा जीव होता सहाव्या कादंबरीत. ती कुठेच छापलेली नव्हती. कादंबरीकाराच्या पुतण्याने हस्तलिखिताची छायाप्रत सरांना दिली होती. चारशे अडतीस सुटे कागद, बारीक तिरके अक्षर. डोळे गेल्यानंतर ती हाती आली, त्यामुळे सरांनी तिचे एक अक्षर पाहिलेले नव्हते. ती जगात फक्त बाईंच्या तोंडून त्यांच्यापर्यंत पोहोचणार होती. वाचलेला कागद बाई डाव्या ढिगावर पालथा टाकायच्या, आणि सर मधूनमधून हात पुढे करून त्या ढिगाची उंची चाचपायचे.

दोनशे एकाहत्तराव्या पानाच्या दिवशी सुनेने बाईंना दारातच अडवले.

"बाई, धाकटे काका गेले," ती दबक्या आवाजात म्हणाली. "पहाटे. बाबांना सांगितलेलं नाही. डॉक्टर म्हणाले, घरात कुणी पुरुषमाणूस असू दे, एकदम सांगू नका. हे संध्याकाळपर्यंत येतील, मग सांगतील. तुम्ही रोजच्यासारखं वाचा. त्यांना काही कळू देऊ नका."

धाकटे काका म्हणजे सरांचा सख्खा भाऊ. बारा वर्षांपूर्वी त्याचे दुकान बुडाले, तेव्हा तो एक बॅग घेऊन याच खोलीत आला होता. सरांनी त्याला समोर बसवून समजावले, की आज मी तुला ठेवून घेतले तर तू उभ्या जन्मात उभा राहणार नाहीस. भावाने बॅग उचलली आणि गेला. त्यानंतर दोघांत एक शब्द नाही. घरात हा विषय निघालाच तर सर एवढेच म्हणायचे, "मी त्याला चहा दिला होता."

बाई खुर्चीत बसल्या आणि वाचू लागल्या. दोनशे सत्तर संपले. दोनशे एकाहत्तरावर नवे प्रकरण सुरू होत होते. जुन्या सवयीने त्यांची नजर तोंडाच्या दोन ओळी पुढे चालत होती, आणि त्या दोन ओळींत नायकाच्या धाकट्या भावाची चिठ्ठी होती. मी आजारी आहे, एकदा येऊन जा.

 बाईंनी खाकरल्यासारखे केले, पाणी प्यायले, तेवढ्यात पुढचा कागद पाहिला, त्याच्या पुढचा पाहिला. सगळीकडे भाऊ. प्रकरण दोनशे एक्क्याऐंशीला संपत होते. समोर सर हनुवटीखाली हात घेऊन बसले होते, स्वस्थ, ज्याचा भाऊ मेलेला आहे आणि ज्याला ते ठाऊक नाही असा माणूस. बाईंना त्यांच्याकडे बघवेना. त्यांनी ते अकरा कागद एकत्र उचलून डाव्या ढिगावर पालथे टाकले, आणि दोनशे ब्याऐंशीवरून वाचायला सुरुवात केली. आवाज तोच, रेडिओचा. हे आपण नंतर वाचून दाखवू, असे त्यांनी मनाशी ठरवले. चार दिवसांनी, आठ दिवसांनी, दुःख जरा बसले की.

संध्याकाळी मुलाने सरांना सांगितले. सर पाच दिवस खोलीबाहेर आले नाहीत. दुसऱ्या दिवशी छातीत कळ आली, डॉक्टर येऊन गेले. सुनेने बाईंना निक्षून सांगितले, की यापुढे त्यांच्या मनाला लागेल असे काही बोलायचे नाही.

सहाव्या दिवशी सरांनी बाईंना बोलावले, उरलेली पाने पुढच्या काही दिवसांत वाचून झाली, त्यांत भावाचा उल्लेख कुठेच नव्हता, आणि मग सर म्हणाले, "वही घ्या. नववं प्रकरण."

सर सांगत होते आणि बाई लिहीत होत्या. त्यांनी इतके भरभरून कधीच सांगितले नव्हते. त्यांचा मुद्दा सरळ होता. मरायला टेकलेले लेखक आपली मते सोडतात, मऊ पडतात, माफी मागतात. हा कादंबरीकार पडला नाही. "अखेरच्या, अप्रकाशित कादंबरीतही त्याचा नायक एकदाही मागे वळत नाही." हे वाक्य बाईंनी आपल्या हाताने लिहिले. लिहिताना पेन अडले.

"लिहिलंत?" सरांनी विचारले.

"लिहिलं."

"काय लिहिलंत ते वाचा."

बाईंनी वाचले. पूर्णविरामासकट.

त्या दुपारी सर खुर्चीतच झोपले, तेव्हा बाईंनी ढिगातून ते अकरा कागद काढून मनातल्या मनात वाचले. आयुष्यात त्यांनी न बोलता फारसे काही वाचले नव्हते, त्यामुळे त्यांचे ओठ हलत होते. नायक चिठ्ठी फाडत नाही. तो सगळे टाकून परत जातो. भावाच्या खाटेपाशी अकरा दिवस बसतो, त्याला भरवतो, त्याचे अंथरूण धुतो. आणि शेवटच्या पानावर, भाऊ शुद्धीवर नसताना, त्याच्या कानाशी वाकून म्हणतो, की मी चाळीस वर्षे ज्याला ताकद म्हणत होतो ती भीती होती, माझे चुकले.

बाईंनी कागद होते तसे ठेवले. त्या पंडित नव्हत्या, पण नववे प्रकरण या अकरा पानांपुढे एक क्षण टिकत नाही हे कळायला पांडित्य लागत नव्हते. पुस्तकाचे नाव खराब होणार होते, सरांचे होणार होते. आणि ते कुणामुळे झाले हे जेव्हा लोक विचारतील, तेव्हा बोट एकाच माणसाकडे जाणार होते, कारण हस्तलिखित वाचून दाखवणारे माणूस एकच होते.

घरी त्यांनी ताईला सांगितले. ताई बाही जोडत होती, तिने मशीन थांबवले नाही.

"तू काही चोरी केली नाहीस," ती म्हणाली. "दया केलीस."

"दया करायला मला ठेवलं नव्हतं."

"मग सांगून टाक."

"त्यांच्या छातीत कळ आली तर?"

"मग गप्प बस."

"आणि पुस्तक छापून आलं तर?"

आता ताईने मशीन थांबवले. "हे बघ, मला दोन बाह्या एका मापाच्या करता येतात. याचं माप मला कळत नाही."

चार महिने असेच गेले. बाई रोज ठरवून जायच्या आणि रोज तोंड शिवून परत यायच्या. कधी सून तिथेच असायची, कधी सरांचा श्वास लागलेला असायचा, आणि ज्या दिवशी यातले काही नसायचे त्या दिवशी बाई स्वतःच कच खायच्या. पुस्तक मात्र वाढत होते. नवव्या प्रकरणावर दहावे उभे राहिले, दहाव्यावर अकरावे.

सरांचे वागणेही बदलले होते. पूर्वी हस्तलिखित टेबलावर उघडे पडलेले असायचे. आता काम संपले की ते कपाटात जायचे, कपाटाला कुलूप लागायचे आणि किल्ली सरांच्या खिशात. सुनेने एकदा धूळ पुसायला ढीग हलवला, तर ते तिच्यावर ओरडले. आणि काम चालू असताना मधेच, कशाचा कशाला संबंध नसताना, ते बाईंना काहीतरी विचारायचे.

"बाई, छापखान्यात तुमच्याकडून कधी ओळ सुटली होती?"

"नाही सर."

"एकदाही नाही?"

"छापखान्यात नाही."

सर किंचित हसायचे. "चांगलं आहे. माणसानं आपल्या कामाला स्वतः जबाबदार असावं. दुसऱ्यानं ते पाठीवर घेऊ नये आणि आपण देऊ नये." आणि ते पुढचे वाक्य सांगायला लागायचे. बाई ते लिहून घ्यायच्या. यांना काही समजले आहे का, आणि समजले असेल तर बोलत का नाहीत, हे त्यांना उलगडत नसे. 

मग फोन आला. दुसऱ्या एका विद्यापीठातली संशोधक मुलगी होती. सरांना ऐकू चांगले यायचे, पण ते फोनला कंटाळायचे, म्हणून बाईंनीच घेतला. मुलीचा आवाज उत्साहाने फुलला होता. पुतण्याने तिलाही प्रत दिली होती. वर्षभरात कादंबरी छापून येणार होती, ती मुलगीच संपादन करत होती.

"सरांचं पुस्तक त्याआधी येतंय ना?" ती म्हणाली. "मला त्यांचं भावाच्या प्रकरणावरचं मत वाचायचंय. दोनशे एकाहत्तरपासूनचं. मी तर थक्क झाले. सगळं उलटंच होतं ना तिथे?"

"हो," बाई म्हणाल्या.

"सरांना काय वाटलं?"

सर तीन हातांवर बसलेले होते, मान कलती करून. "ते लिहितायत," बाई म्हणाल्या आणि फोन ठेवला.

"कोण होतं?"

बाईंनी सांगितले. कादंबरी वर्षभरात येणार हेही सांगितले. मुलगी काय म्हणाली ते सांगितले नाही.

"आणखी काय विचारत होती?" सर म्हणाले.

"तुमचं पुस्तक कधी येतंय ते."

 खुर्चीच्या हातावर सरांची बोटे एकामागून एक वाजत होती. "मग आपल्याला घाई करायला हवी," ते शेवटी म्हणाले.

पुस्तक छापायला गेले. प्रूफे फर्म्याफर्म्याने, सोळा-सोळा पानांनी, येऊ लागली. बाई मजकूर वाचायच्या, सर दुरुस्ती सांगायचे, बाई लाल पेनाने समासात खूण करायच्या. शेवटचा फर्मा आला त्या दिवशी प्रेसचा माणूस म्हणाला, की मी एक वाजता येतो, सरांची सही करून ठेवा, आज यंत्रावर चढवायचंय. त्या फर्म्यात फक्त मनोगत होते. मनोगत नेहमी शेवटीच जुळवतात. सरांनी ते बाईंना सांगून लिहून घेतले नव्हते, सुनेकडून लिहवून घेऊन परस्पर पाठवले होते. बाईंना वाटले, आपल्याविषयी दोन चांगले शब्द असतील, म्हणून लपवले असेल. त्यांना त्याही परिस्थितीत थोडे बरे वाटले, हे कबूल करायला हवे.

त्यांनी आज सांगायचेच असे ठरवून पाऊल टाकले होते. खुर्चीत बसल्या बसल्या त्या म्हणाल्या, "सर, हे वाचायच्या आधी मला बोलायचंय. दोनशे एकाहत्तर..."

"आधी हे वाचा," सर म्हणाले. आवाज चढलेला नव्हता.

बाई वाचू लागल्या. ग्रंथालयांचे आभार, पुतण्याचे आभार, सुनेचे आभार. मग बाईंचे पूर्ण नाव आले. "हस्तलिखिताचे प्रत्येक पान यांनी मला वाचून दाखवले, पूर्णविराम. माझी दृष्टी गेल्यामुळे मी ते स्वतः पाहू शकलो नाही, पूर्णविराम. त्या वाचनाच्या अचूकतेची जबाबदारी सर्वस्वी..."

रेडिओ बंद पडला.

"का थांबलात?"

बाईंनी ती ओळ डोळ्यांनी पूर्ण केली. सर्वस्वी त्यांची आहे. हे आभार नव्हते. मुलगी पुस्तक उघडेल, नववे प्रकरण वाचेल, कपाळाला हात लावेल, मग मनोगत काढेल, आणि तिथे चुकणाऱ्याचे नाव आधीच छापून ठेवलेले असेल.

"तुम्हाला माहीत होतं," बाई म्हणाल्या.

"मी आंधळा आहे बाई, बहिरा नाही. एक कागद उलटतो त्याचा आवाज मी रोज ऐकतो. त्या दिवशी गठ्ठा एकदम पडला. नंतर मी डावा ढीग मोजून पाहिला, ऐकलेल्या पानांपेक्षा अकरा जास्त भरली. मला वाटलं दमला असाल. संध्याकाळी भाऊ गेल्याचं सांगितलं, तेव्हा ते कागद कशाचे असतील ते समजलं."

"मग विचारलं का नाहीत?"

सरांनी पाण्याचा पेला शोधला, बाईंनी तो पुढे सरकवला नाही, आणि त्यांना तो सापडला नाही.

"विचारलं असतं, तर तुम्ही वाचून दाखवलं असतं," सर म्हणाले.

बाईंचा इतक्या महिन्यांचा कोंडलेला जीव त्या एका वाक्यात गोळा होऊन बाहेर पडला. रडू आले नाही, राग आला. बावीस वर्षांत आणि त्यानंतरही त्यांना इतका राग आला नव्हता. या माणसाच्या पायाशी त्यांनी चपला ठेवल्या होत्या.

"मी पान सोडलं, ते माझं," त्या म्हणाल्या. "ते मी घेते. तुम्ही ऐकून गप्प बसलात, ते कुणाचं?"

"सून वर आहे. हळू बोला."

बाई हळू बोलल्या नाहीत आणि मोठ्यानेही नाही. त्यांनी लाल पेन उघडले. 'वाचून दाखवले' नंतर त्यांनी काकपद, म्हणजे सुटलेला मजकूर घालायची खूण, काढले, समासात दोन वाक्ये लिहिली, आणि मग लिहिलेले वाचले, नेहमीच्या सुरात. "हस्तलिखिताचे प्रत्येक पान यांनी मला वाचून दाखवले, काकपद, पृष्ठ दोनशे एकाहत्तर ते दोनशे एक्क्याऐंशी ही अकरा पाने सोडून, पूर्णविराम. ती त्यांनी जाणूनबुजून सोडली, स्वल्पविराम, आणि ती सुटल्याचे मला ठाऊक होते, पूर्णविराम."



"खोडा ते," सर म्हणाले.

"मी नाही खोडणार."

"हे माझं पुस्तक आहे."

"म्हणूनच. तुम्ही खोडा."

सरांनी हात पुढे केला. बाईंनी प्रूफ पाटीवर ठेवून त्यांच्या मांडीवर दिले, पेन बोटांत दिले. सरांनी डाव्या हाताची बोटे कागदावर फिरवली. छापलेल्या कागदाला उंचसखल काही लागत नाही, शाईला स्पर्श नसतो. ती बोटे वरून खाली आली, परत वर गेली, एका जागी थांबली.

"कुठली ओळ? बोट ठेवा माझं."

बाईंनी ठेवले नाही. सुनेला हाक मारता आली असती. सरांनी मान जिन्याकडे वळवलीही, पण तिला हाक मारायची म्हणजे काय खोडायचे आणि का, हे तिला सांगावे लागणार होते. सर परत कागदाकडे वळले.  मग त्यांनी अंदाजाने पेन टेकवले आणि जोर देऊन एक जाड, वाकडी रेघ मारली. कागद फाटता फाटता राहिला.

"गेली?" त्यांनी विचारले.

बाईंनी वाकून पाहिले. हो म्हटले असते तर सगळे तिथेच संपले असते. प्रूफ एक वाजता गेले असते, सर समाधानाने झोपले असते, आणि बाईंची दोन वाक्ये गुपचूप छापून आली असती. बाईंना हे सुचले, नाही असे नाही.

"नाही सर. तुम्ही दुसरंच खोडलंत."

"काय खोडलं?"

ती मनोगताची शेवटची ओळ होती. बाई तिथपर्यंत पोहोचल्याच नव्हत्या. ती त्यांनी आता पहिल्यांदा पाहिली आणि वाचली. "हे पुस्तक माझ्या धाकट्या भावाच्या स्मृतीस, पूर्णविराम."

सरांच्या हातातले पेन घरंगळून फरशीवर पडले. ते उचलायला कुणी वाकले नाही. 

"राहू द्या," ते म्हणाले.

"कुठली ओळ?"

"दोन्ही." मग ते म्हणाले, "आणि उद्यापासून येऊ नका."

एक वाजता प्रेसचा माणूस आला. सही कुठे करायची तेवढे बाईंनी दाखवले, पेन उचलून दिले, आणि पिशवी घेऊन त्या निघाल्या. पुस्तक तसेच छापून आले, नववे प्रकरण तसेच, मनोगतातली ती दोन वाक्ये आणि भावाच्या स्मृतीची ओळही तशीच. लोकांना त्याचा अर्थ लागेना, आणि वर्षभराने कादंबरी आली तेव्हा लागला. ज्याला जे बोलायचे ते बोलला. बाईंना कुणी परत कामावर बोलावले नाही. आता कुणी नाव घेतलेच, तर अकरा पाने सोडणारी बाई म्हणून घ्यायचे, आणि बाई तेही नाकारत नसत.

सून मधूनमधून ताईकडे मुलीचे गणवेश शिवायला टाकायची. तिनेच एकदा सांगितले, की प्रूफावर सही झाली त्या दुपारी बाबांनी कपाट उघडून कागद मोजत मोजत ती अकरा पाने वेगळी काढली आणि पाकिटात घातली. नवा वाचक ठेवला, तो चांगला शिकलेला आहे, रोज येतो. पाकीट टेबलावरच असते. एकदा त्याने आपणहून विचारले, की सर, हे वाचू का. बाबा म्हणाले, आज नको, आणि रोज तेच म्हणतात.